कातरणीआधीचा कौल

कळसच्या पाहुण्यांचं येणं उद्यावर येऊन ठेपलं होतं आणि भिमाला तो प्रश्न विचारायला नेमका तोच दिवस सापडला.

बारामतीच्या शाळेत मास्तर होऊन त्याला दोन वर्षं झाली होती. शनिवारी शाळा सुटली की तो सायकलवर टांग टाकून कन्हेरीला यायचा आणि सोमवारी तांबडं फुटताना परत जायचा. पोरांना गणितं घालून घालून त्याला घरच्यांनाही गणितं घालायची खोड लागली होती. कुठल्या वाफ्यात किती पाट्या वांगी निघाली, कालव्याची पाळी किती दिवसांनी आली, असं काहीबाही तो विचारत बसायचा. त्याचे वडील अप्पा वरवर कुरकुरायचे, पण आतून सुखावायचे. त्या शनिवारी मात्र तो आला तो चहासुद्धा न घेता थेट म्हस्कूतात्याजवळ जाऊन बसला.

म्हस्कूतात्या म्हणजे अप्पांचा चुलता. रानात कालव्याचं पाणी खेळायला लागल्यापासून घरानं मेंढरं मोडून वांगी-मिरची धरली होती. पण ह्या म्हाताऱ्यानं आपली चाळीस मेंढरांची खांड काही सोडली नव्हती. "वांगं काय हाक मारली की मागं येतंय व्हय?" असं तो विचारायचा.

ओसरीवर चंद्राबाई, अप्पांची धाकटी बहीण, उद्याच्या पुरणाची डाळ निवडत होती. नातू-आजोबांचं बोलणं तिच्या कानावर पडत होतं. सुरुवातीला त्यात कान देण्यासारखं काही नव्हतं.

"तात्या, आपल्या घरानं आजवर बिरोबाफुडं एडका किती येळा हुबा केला आसंल?"

"का रं बाबा? शाळंत सांगायचाय व्हय?"

"सांगा तर खरं."

ह्या घरात लग्न असो, विहीर असो, नवं रान घ्यायचं असो, बिरोबाला विचारल्याशिवाय पाऊल पडत नसे. बांधावरच्या लिंबाखाली शेंदूर लावलेला त्यांचा देव होता. त्याच्यापुढे खांडीतला एडका उभा करायचा आणि घरातल्या कर्त्यानं मानेपासून शेपटापर्यंत त्याच्या पाठीवर पाणी सोडायचं. एडक्यानं अंग झाडलं की देव हो म्हणाला. कळशी रिकामी होईपर्यंत तो ढिम्म राहिला तर देव नाही म्हणाला. त्यावर कुणी पुन्हा तोंड उघडायचं नाही.

म्हस्कूतात्यानं बोटांवर मोजलं. "माज्या बापाच्या वख्तापासनं धरलं तर इसावर जाईल."

"आन् न्हाय किती येळा म्हनला देव?"

"दोन येळा." म्हातारा ओसरीकडे बघून चटकन मान खाली घालता झाला.

त्या दोन्ही वेळा साऱ्या घराला पाठ होत्या. एक विहिरीची. देव नाही म्हणाला म्हणून यांनी खणली नाही, आणि शेजाऱ्यानं बांधापलीकडे दहा पावलांवर खणली तर चार पुरुष खोलीवर पाणी लागलं. ते पाणी मचूळ आहे असं घरातले सगळे आजही सांगत, शेजारी मात्र ते आनंदानं पीत होता. आणि दुसरी वेळ चंद्राबाईची. बावीस वर्षांपूर्वी तिला कळसच्या झुंबरला द्यायचं घाटत होतं. देणंघेणं ठरलं, मुलानं मुलगी बघितली, आणि एडका उभा केला तो कळशी संपली तरी हलला नाही. पाहुणे जेवूनसुद्धा गेले नाहीत.

"त्या दोन्ही येळंला एडका कातरल्याला व्हता का, तात्या?"

म्हातारा हसला. सोपा प्रश्न आला म्हणून बरं वाटलं असावं. "कुठला? हिरीच्या येळंला आखाड व्हता. आन् दुसऱ्या येळंला दसरा सरला तरी पाऊस हटंना. वली लोकर कातरत न्हाईत, तेवडं तर..." बोलता बोलता तो थांबला. आपण काय बोललो ते त्याला स्वतःलाच ऐकू आलं होतं.

"आन् बाकीच्या येळंला?"

"बाकीच्या येळंला दसऱ्याफुडं," म्हस्कूतात्या हळूच म्हणाला. "कातरनी झाली की देवाला इचारायचं, आसंच चालत आलंय."

चंद्राबाईचे हात डाळीत थांबले.

आता खरं सांगायचं तर यात नवीन असं काय होतं? अंगावर लोकर असली की मेंढराच्या कातड्याला पाणी पोचत नाही, हे त्या घरातल्या शेंबड्या पोरालाही माहीत होतं. त्याच लोकरीची घोंगडी पांघरून त्यांच्या सात पिढ्यांनी पावसाळे काढले होते. पण रानातलं हे शहाणपण देवापुढे जाताना कुणी बरोबर नेलं नव्हतं. पायताणासारखं ते बाहेरच काढून ठेवलं होतं.

अप्पा पाणी मोडून खांद्यावर फावडं घेऊन आले ते याच वेळी. शेवटचं बोलणं त्यांनी ऐकलं होतं. त्यांनी फावडं भिंतीला टेकवलं, पाय धुतले, पटक्यानं तोंड पुसलं आणि मगच विचारलं, "शाळंत ह्येच शिकिवता व्हय पोरास्नी?"

"अप्पा, मी देव न्हाय म्हनत न्हाय. मी मेंढराचं बोलतोय."

"मेंढराच्या तोंडानं त्योच बोलतोय न्हवं?"

"मंग त्येचं तोंड तरी मोकळं पायजे. उद्या भादव्यात एडका हुबा करनार तुमी. बोटभर लोकर हाय त्येच्या अंगावर. सिंधूला देव न्हाय म्हननार, हे मी आत्ताच लिवून देतो."

सिंधू ही भिमाची पाठची बहीण. नेहमीसारखं दसऱ्यानंतर विचारायचं असतं तर हा प्रश्नच आला नसता. पण कळसच्या मुलाची आजी भामाबाई अंथरुणाला खिळली होती आणि डोळे मिटायच्या आत नातवाचं ठरलेलं बघायचं म्हणून हटून बसली होती. आणि तो मुलगा, संभाजी, कुणाचा? त्याच झुंबरचा. सोयरीक पुन्हा त्याच उंबऱ्यावर आली तेव्हा अप्पांना वाटलं होतं, देवानंच दार उघडलं.

"मंग तुजं म्हननं काय? कातरून हुबा करायचा?" अप्पांचा आवाज चढला नाही. तो चढला असता तर बरं, असं भिमाच्या आईला, फुलाबाईला, चुलीपाशी बसल्या बसल्या वाटलं. "म्हंजे देवाचा हात धरून 'व्हय' लिवून घ्यायचं. आसला कौल मला नगं."

"आन् न कातरता हुबा केला तर 'न्हाय' लिवून घेतल्यागत. आता ठावं झालंय, अप्पा. कसंबी केलं तरी ठावं आसूनच करनार आपुन."

मग आतून फुलाबाई म्हणाली, "भिमा, वडलांना उलटं बोलू नगंस," आणि लगेच, "पर पोरगी माजी बी हाय, येवडं ध्यानात ठेवा म्हनावं." म्हस्कूतात्या खांडीकडे जायला उठला. मेंढरांची वेळ झाली नव्हती, पण तिथून उठायची वेळ नक्की झाली होती.

आणि तेव्हा चंद्राबाई बोलली. "भिमा, गप ऱ्हा."

"आत्या, तुज्यासाठीच तर..."

"माज्यासाठी कुनी काय करायचं न्हाय. माजं जे व्हायाचं ते देवानं केलं. त्येनं मला वाचीवलं. दोन सालांनी कळसला पटकी आली, झुंबररावाच्या घरातली दोन मानसं गेली. मी तितं आसते तर तिसरी मी. हे कुनी सांगितलं तुला शाळंत?"

भिमानं मान खाली घातली. चंद्राबाईनं हा हिशेब बावीस वर्षं जपला होता. घरातल्या पोरीबाळींना तिनं तो इतक्यांदा सांगितला होता की त्यातलं एक भोक कुणाला दिसेनासं झालं होतं. कळसला नकार आला त्यानंतर महिन्याभरानं, ऊन पडून कातरणी झाल्यावर, इंदापूरच्या स्थळासाठी एडका उभा केला होता. त्यानं पहिल्याच धारेला अंग झाडलं. चंद्राबाई इंदापूरला गेली, आणि दोन सालांनी तीच पटकी तिचा नवरा घेऊन गेली. त्या होकाराचा विषय त्या संध्याकाळी कुणीच काढला नाही. पण प्रत्येक जण मनातल्या मनात तिथपर्यंत जाऊन आला होता, आणि ते चंद्राबाईला त्यांच्या गप्प बसण्यावरून कळलं.

तिला भिमाचा राग आला. पोरगं खोटं बोलत असतं तर इतका आला नसता.

दुसऱ्या दिवशी उजाडताच ती आणि फुलाबाई वांगी तोडायला रानात गेल्या. दंवानं लुगड्यांचे काठ ओले झाले होते. फुलाबाई बराच वेळ तोडत राहिली आणि मग सरीच्या पलीकडून म्हणाली, "वन्सं, मी म्हनते, गुपचूप कातरून टाकू का? गोचीड झाल्यात म्हनू."

"देवाला फशीवता व्हय, वैनी?"

"देवाला कशाला? तुमच्या भावाला."

चंद्राबाईला हसू आलं आणि हसू आल्याचा तिला आणखी राग आला. "दादा म्हनतोय त्येच बरोबर हाय. जसा हाय तसा हुबा करायचा. त्येच्या मर्जीत आसंल तर लोकर आडवी येत न्हाय."

"बरं बाई," फुलाबाई म्हणाली. तिनं पाटी डोक्यावर घेतली आणि चार पावलं जाऊन वळली. "पर येक सांगू? काल भिमा बोलला तवापासनं तुमचा दादा जेवला न्हाय. ज्येचं बरोबर आसतं त्यो जेवतो."

ती गेली आणि सिंधू आली, रिकामी पाटी घेऊन. सतरा वर्षांची पोर, एरवी बडबडी. आज आधी दोन झाडांची वांगी तोडली. मग म्हणाली, "आत्या, तुला कळसचं घर आवडलं व्हतं का गं?"

चंद्राबाईच्या हातातलं वांगं देठापाशी तसंच राहिलं. बावीस वर्षांत हे तिला कुणी विचारलं नव्हतं. देव काय म्हणाला, भाऊ काय म्हणाला, गाव काय म्हणालं, सगळं बोलून झालं होतं. तिला आठवला तो चिखल. एडका घसरला होता आणि तो झुंबर नावाचा पोरगा पुढे होऊन त्याला सावरताना स्वतःच गुडघ्यावर पडला होता. पडून हसला होता, आणि हसताना बायकांच्या घोळक्यात बरोबर तिलाच शोधलं होतं त्यानं.

"व्हय," ती म्हणाली.

"मला बी आवडलंय," सिंधू म्हणाली, आणि पाटी अर्धी भरलेली असतानाच निघून गेली.

चंद्राबाई सरीत बसून राहिली. तिला वाटलं होतं, ती आपल्या देवाची बाजू घेते आहे. आता तिला कळेना, देवाची घेते आहे की बावीस वर्षांची. भिमाचं खरं मानलं तर तिचं आयुष्य देवाच्या मर्जीनं नव्हे, न हटलेल्या पावसानं ठरलं होतं. एवढं मोठं दुःख आणि त्याचं कारण एवढंसं, हे तिच्या गळ्याखाली उतरत नव्हतं. आणि नाही मानलं तर आज दुपारी ती पोर तिच्याच जागी उभी राहणार होती.

कळसची माणसं बारामतीपर्यंत एसटीनं आणि पुढे गाडीनं आली. झुंबर, त्याचा मुलगा संभाजी आणि दोन भाऊबंद. झुंबरच्या मिशा पांढऱ्या झाल्या होत्या. बायको जाऊन त्यालाही आठ वर्षं होत आली होती. त्यानं ओसरीवर येताना थांबून विचारलं, "बरं हाय का, चंद्राबाई?"

"हाय की. म्हातारीचं कसं हाय?"

"वाट बगतीया," झुंबर म्हणाला आणि पुढे गेला. बावीस वर्षांनंतरचं त्यांचं बोलणं एवढंच.

उन्हं जरा कलल्यावर सगळे लिंबाखाली जमले. अप्पांनी रात्रीच ठरवून टाकलं होतं, जसा आहे तसा. भिमा बांधावर एका बाजूला उभा राहिला. आपण बोललो नसतो तर बरं झालं असतं, असं त्याच्या तोंडावर लिहिलेलं होतं. एडका आणायचं काम चंद्राबाईचं. त्याची आई मेल्यावर त्याला तिनंच चिंधीनं दूध पाजून वाढवलं होतं, त्यामुळे तो तिच्यामागून दाव्याशिवाय चालत आला. देवापुढे त्याला उभं करून ती बाजूला सरली. फुलाबाईनं भरलेली कळशी नवऱ्याच्या हातात दिली.

"देवा बिरोबा," अप्पा म्हणाले, "पोरगी कळसला द्यावी म्हनतोय. तुजं काय म्हननं आसंल ते सांग बाबा."

पाण्याची धार मानेवर पडली आणि पाठीवरून शेपटापर्यंत गेली. घोंगडीवरून पाऊस निथळावा तशी दोन्ही अंगांनी खाली उतरून मातीत जिरली. एडका रवंथ करत होता. अप्पांनी पुन्हा मानेपासून सुरुवात केली. पाव कळशी गेली. अर्धी गेली. भाऊबंदांपैकी एक जण खाकरला. संभाजीनं वडलांकडे बघितलं, पण झुंबर जमिनीकडे बघत होता. बायकांच्या आड उभ्या असलेल्या सिंधूच्या बांगड्या मघापर्यंत वाजत होत्या, त्या वाजायच्या थांबल्या.

चंद्राबाई ह्या सगळ्यातून पूर्वी गेली होती. तेव्हा धार सुरू असताना ती बायकांच्या मागे डोळे मिटून उभी होती आणि देवाला हात जोडत होती. आज तिचे डोळे उघडे होते, आणि उघड्या डोळ्यांना जे दिसायचं तेच दिसत होतं. पाणी एडक्याच्या अंगाला लागतच नव्हतं.

ती पुढे झाली आणि गुडघ्यावर बसली. दोन्ही हातांनी तिनं एडक्याच्या पाठीवरची लोकर दुभंगली, माळरानात पायवाट पाडावी तशी, मानेपासून पार शेपटापर्यंत. आत गुलाबी कातडं दिसलं, अगदी कोरडं.

"चंद्रे, हात काढ," अप्पा म्हणाले.

"दादा, देवाला इचारायचं तर नीट इचारू. ह्येच्या अंगाला आजून पानीच लागलं न्हाय."

"काल तूच म्हनत व्हतीस..."

"म्हनत व्हते."

भिमाला अप्पा चार गोष्टी सुनावू शकले असते. बायकोला गप्प बसवू शकले असते. पण ह्या एका माणसाला त्या देवासमोर गप्प बस म्हणण्याचा अधिकार त्या घरात कुणालाच नव्हता, आणि अप्पांना ते पुरतं ठाऊक होतं. कळशी हातात धरून ते तसेच उभे राहिले.

"अप्पाराव," झुंबर म्हणाला. तो पुढे आला नाही, जागेवरूनच बोलला. "बाई म्हनत्यात ते खरं हाय. मी बी मेंढरंच राखल्यात."

"वत, दादा," चंद्राबाई म्हणाली.

अप्पांनी कळशी कलती केली. धार तिच्या बोटांमधून कातड्यावर पडली, आणि त्याच क्षणाला चंद्राबाईला भीती वाटली. आता जर हा ढिम्म राहिला, तर तो देवाचा खराखुरा नकार असेल. लोकरीवर ढकलता येणार नाही, पावसावर ढकलता येणार नाही. पण तसं झालं तर तेही ती मान्य करील, असं तिला वाटलं. विचारायचं ते विचारून झालं होतं.

एडक्याची रवंथ थांबली. त्यानं मान ताणली, कान पाडले आणि असं अंग झाडलं की चंद्राबाई मागे कलंडली आणि देवापासून पाहुण्यांपर्यंत सगळे न्हाऊन निघाले.

"बोलला! देव बोलला!" म्हस्कूतात्या ओरडला. कालपासून तोंड लपवत फिरणारा म्हातारा, त्याचाच आवाज सर्वांत मोठा होता. बायका हसल्या. कुणीतरी गुळाची वाटी आणायला पळालं. भिमा बांधावरून उतरून आला आणि त्यानं बापाच्या हातातली कळशी घेतली. अप्पांनी ती घेऊ दिली.

गडबड पांगल्यावर अप्पा पटक्याच्या टोकानं तोंड पुसत चंद्राबाईजवळ आले. तोंड केव्हाच कोरडं झालं होतं, तरी ते पुसत राहिले. "त्या सालाला पानी मीच वतलं व्हतं गं," ते म्हणाले. "बा आजारी व्हता म्हनून."

"ठावं हाय."

"मला खरंच सुचलं न्हाय, चंद्रे."

"कुनालाच सुचलं न्हाय, दादा. मला बी न्हाय. मी बी मेंढरातच वाढले की." मग ती म्हणाली, "जा, पाव्हनं खोळंबल्यात. आन् जेव आता पोटभर."

पाहुणे पुरणपोळी जेवून, सिंधूच्या हातचा विडा घेऊन दिवस मावळायच्या आत गेले. गाडी बांधाच्या वळणावर दिसेनाशी झाली तेव्हा चंद्राबाई देवाला दिवा लावायला निघाली. इंदापूरहून परत आल्यापासून तिचं हे काम होतं आणि ते तिनं एक दिवस चुकवलं नव्हतं. दिवा लावायचा, हात जोडायचे, "तुजी मर्जी" म्हणायचं आणि परतायचं.

तिनं दिवा लावला. लोकरीचा ओशटपणा अजून तिच्या हातांना होता, काडी ओढताना बोटं घसरत होती. तिनं हात जोडले, पण रोजचे शब्द तिच्या तोंडून आले नाहीत. ती खाली बसली. बावीस वर्षांचं रडू तिला आलं, शांतपणे, आवाज न करता, आणि तिनं ते येऊ दिलं. मग पदरानं डोळे पुसून तिनं शेंदरावर उडालेला चिखलाचा एक शिंतोडा अंगठ्यानं हलकेच काढला.

"तुजा काय बी दोस न्हाय रं देवा," ती म्हणाली. "तुला कुनी इचारलंच नव्हतं."